बेचिराग गाव आणि अत्तदीप : पालि सुत्तांतील लोकक्षयाची कारणमीमांसा

विदर्भातील महसुली दप्तरे आणि जनगणनेच्या ग्रामसूची चाळताना काही गावांच्या नावापुढे 'रिठी' हा शब्द जोडलेला दिसतो. अशा गावाला नाव असते, शीव असते, शेतजमिनीची नोंद असते. लोकसंख्येच्या रकान्यात मात्र शून्य असते. एके काळी तेथे चुली पेटत होत्या, आता शेजारच्या गावचे लोक तेथील जमीन कसतात. नागपूर-वऱ्हाडकडे ओसाड पडलेल्या गावठाणाला लोक 'रिठ' म्हणतात. काटोल तालुका ज्या नागपूर जिल्ह्याचा भाग आहे त्या जिल्ह्यातही अशी रिठी गावे आहेत. ती केव्हा उठली व का उठली, हे बहुतेक वेळा तेथील जमीन कसणाऱ्यालाही सांगता येत नाही.

जुन्या मराठी कागदपत्रांत याच अर्थाने 'बेचिराग' हा फारसी शब्द येतो. चिराग म्हणजे दिवा. ज्या गावात संध्याकाळी एकही दिवा लागत नाही ते गाव बेचिराग. पुढे बोलीत त्याचे 'बेचिराख' झाले आणि त्याचा संबंध राखेशी जोडला गेला. मूळ शब्दात आग नाही आणि राखही नाही. दिवा लावणारे माणूस तेथे उरले नाही एवढेच त्यात सांगितले आहे.

आज जगभर एक भीती बोलून दाखवली जात आहे. हवामान बिघडले, भूजल आटले, माती निकस झाली, राज्यव्यवस्था कोलमडल्या, तर मनुष्यवस्तीचे काय होईल? २०२४ हे वर्ष औद्योगिक काळापूर्वीच्या सरासरीपेक्षा दीड अंश सेल्सियसहून अधिक उष्ण ठरलेले पहिले वर्ष होते. तेव्हा ही भीती निराधार आहे असे म्हणता येत नाही. एका गावाऐवजी एक सबंध मुलूखच रिठी झाला तर काय, असा हा प्रश्न आहे. पालि तिपिटकाच्या अभ्यासकाला तो नवा नाही. माणसे का कमी होतात आणि गावे अगावे का होतात, हा प्रश्न भगवान बुद्धांना प्रत्यक्ष विचारला गेला होता आणि त्यांनी त्याचे उत्तरही दिले होते. त्या उत्तराचे स्वरूप पाहणे आणि आपल्या भूमीच्या इतिहासावर ते पडताळून पाहणे, हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

पलोक सुत्तातील प्रश्न

अंगुत्तर निकायाच्या तिकनिपातातील ब्राह्मणवग्गात 'पलोक सुत्त' नावाचे एक लहान सुत्त आहे. पलोक म्हणजे मोडणे, विनाश पावणे. एक महासाल ब्राह्मण, म्हणजे मोठ्या धनसंपत्तीचा धनी, भगवंतांकडे येतो आणि वृद्धांच्या तोंडून ऐकलेली एक गोष्ट सांगतो. पूर्वी हे जग माणसांनी गजबजलेले होते. एका गावाच्या छपरावरून उडालेला कोंबडा दुसऱ्या गावाच्या छपरावर उतरावा, इतकी गावे जवळजवळ होती. मग आज माणसे विरळ का झाली? गावे गावे का राहिली नाहीत, नगरे नगरे का राहिली नाहीत? असा त्याचा प्रश्न आहे.

भगवंतांच्या उत्तरात देवाचा कोप, कलियुग किंवा पूर्वजन्मीचे पाप यांपैकी काहीही नाही. तीन कारणे सांगितली आहेत : अधम्मराग, विसमलोभ आणि मिच्छाधम्म. अधम्मराग म्हणजे अनुचित आसक्ती. विसमलोभ म्हणजे ज्यावर आपला हक्क नाही ते ओढून घेण्याची हाव. 'विसम' या शब्दातच विषमता आहे. मिच्छाधम्म म्हणजे विपरीत आचार. या तिहींच्या योगाने माणसे शस्त्रे घेऊन परस्परांना मारतात. या तिहींच्या योगानेच पाऊस नीट पडत नाही, दुर्भिक्ष येते, पिकावर पांढरा रोग पडतो, दाणा न भरता नुसती काडी उरते आणि माणसे मरतात. तिसऱ्या परिणामात यक्ष क्रूर अमनुष्यांना मोकळे सोडतात, असे म्हटले आहे. आजच्या वाचकाने येथे अडखळण्याचे कारण नाही. ज्या मृत्यूचे कारण डोळ्यांना दिसत नाही त्याला प्राचीन भाषेत असे नाव मिळाले असावे, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

या सुत्तातील एक गोष्ट विशेष लक्षात घेण्याजोगी आहे. माणसांची दाटी हे येथे संकटाचे कारण मानलेले नाही. ती सुस्थितीची खूण मानली आहे. इंग्लंडमध्ये १७९८ साली माल्थसने लोकसंख्येविषयीचा आपला निबंध प्रसिद्ध केला. अन्नाच्या मानाने माणसे फार झाली म्हणजे दुष्काळ व रोग त्यांची संख्या कमी करतात, हा त्याचा सिद्धांत पुढे वसाहतीच्या राज्यकर्त्यांना सोयीचा ठरला. माणसे मेली ती माणसे जास्त झाल्यामुळे, असे म्हटले की राज्यकर्त्याकडे बोट दाखविण्याचे कारण उरत नाही. आजही पर्यावरणाच्या चर्चेत गरिबांच्या मुलांची मोजदाद आधी होते आणि श्रीमंतांच्या उपभोगाची नंतर. वस्तुतः राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१९-२१ च्या फेरीत महाराष्ट्राचा एकूण जननदर १.७ इतका, म्हणजे लोकसंख्या स्थिर राखण्यास लागणाऱ्या २.१ या प्रमाणाहून पुष्कळ कमी आढळला आहे. पलोक सुत्ताचा रोख नेमका उलट आहे. प्रश्न विचारणारा धनाढ्य आहे आणि उत्तरात हावेचे नाव घेतले आहे.

पतनाची पहिली पायरी

पलोक सुत्तात कारणे सांगितली आहेत, परंतु त्यांचा क्रम सांगितलेला नाही. तो क्रम दीघ निकायाच्या 'चक्कवत्ति-सीहनाद सुत्ता'त सविस्तर आला आहे. मगध देशातील मातुला येथे केलेल्या या उपदेशात दळ्हनेमि राजापासून सुरू झालेली चक्रवर्तींची परंपरा आहे. प्रत्येक राजा राजर्षीला चक्रवर्तीचे कर्तव्य विचारतो आणि त्याप्रमाणे वागतो. पुढे एक राजा असा येतो की तो प्रारंभी आपल्याच मताने राज्य करतो. राज्य घसरू लागल्यावर तो अमात्यांना विचारतो, त्यांनी सांगितल्याप्रमाणे प्रजेच्या रक्षणाची व्यवस्थाही करतो. परंतु निर्धनांना धन देत नाही. सर्व कर्तव्यांपैकी एवढे एकच कर्तव्य राहून जाते.

तेथून कार्यकारणाची साखळी सुरू होते. धन न दिल्याने दारिद्र्य वाढले, दारिद्र्याने चोरी वाढली. पहिल्या चोराला राजाने धन दिले, तेव्हा चोरी केल्यावर धन मिळते असे लोकांना कळले. मग राजाने चोराचा शिरच्छेद केला, तेव्हा लोकांनीही शस्त्रे घडविली आणि ज्यांना लुटायचे त्यांची मुंडकी उडविण्यास आरंभ केला. पुढे असत्य, चहाडी, व्यभिचार, कठोर वाणी, लोभ, द्वेष, मिथ्या दृष्टी आणि शेवटी मातापित्यांविषयीचा अनादर अशी घसरण होत जाते. ऐंशी हजार वर्षांचे आयुष्य दहा वर्षांवर येते. तूप, लोणी, तेल, मध आणि मीठ जगातून नाहीसे होते. 'कुद्रूसक' हे हलके धान्य उत्तम अन्न ठरते. 'कुशल' हा शब्दसुद्धा कोणाला माहीत राहत नाही. मग सात दिवसांचा 'सत्थंतरकप्प' येतो. त्यात माणसांना परस्परांविषयी मृगसंज्ञा होते, म्हणजे समोरचे माणूस त्यांना शिकारीचे जनावर दिसू लागते.

या आकड्यांचा शब्दशः अर्थ घेण्याची आवश्यकता नाही. महत्त्व आहे ते क्रमाला. पाऊस प्रथम हटत नाही, शस्त्र प्रथम उगारले जात नाही, नीतीही प्रथम ढासळत नाही. प्रथम राज्य निर्धनाला त्याचा वाटा नाकारते. बंदोबस्त होता, दान नव्हते, आणि नुसत्या बंदोबस्ताने राज्य टिकले नाही. दीघ निकायातीलच 'कूटदन्त सुत्ता'त याची दुसरी बाजू आहे. राज्यात लूटमार वाढली असता पुरोहित राजाला सांगतो की, शिक्षेने ती थांबणार नाही. जे शेती करतात त्यांना बीज दे, जे व्यापार करतात त्यांना भांडवल दे, जे राजसेवा करतात त्यांना अन्न व वेतन दे.

बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 'बुद्ध की कार्ल मार्क्स' या निबंधात चक्कवत्ति-सीहनाद सुत्ताचा आधार घेतला आहे, ही गोष्ट आपल्या वाचकांस परिचित आहे. महाराष्ट्र शासनाने प्रसिद्ध केलेल्या त्यांच्या लेखन-भाषणांच्या तिसऱ्या खंडात (१९८७) हा निबंध आहे. दारिद्र्य हे दुःखाचे कारण आहे आणि ते दूर करणे हे राज्याचे कर्तव्य आहे, हे बुद्धांनी मार्क्सच्या फार पूर्वी सांगितले, हा त्यातील एक मुख्य मुद्दा आहे. तो मान्य केला म्हणजे पर्यावरणाच्या विनाशाचा प्रश्नही वेगळा दिसू लागतो. जे वाटपात घडते तेच पुढे पाण्यात आणि पिकात उतरते.

मातीखालचा पुरावा

सुत्तातील चित्र उपदेशासाठी रेखाटलेले आहे. गावे ओसाड पडण्याची घटना मात्र महाराष्ट्राच्या भूमीत अनेकदा घडली आहे. आपल्याकडे गावच्या शेतजमिनीला काळी आणि गावठाणाला पांढरी म्हणतात. पिढ्यान्पिढ्या भिंती पडून व राख साचून वस्तीची माती पांढरट होते. पुरातत्त्वज्ञ प्राचीन गाव शोधतात ते अशाच पांढरीच्या टेकाडांवरून.

पुणे जिल्ह्यात घोड नदीच्या काठी इनामगाव येथे डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ या काळात उत्खनन केले. सुमारे इ. स. पूर्व १६०० ते ७०० अशी नऊशे वर्षे तेथे वस्ती होती. भरभराटीच्या काळात चौकोनी प्रशस्त घरे होती, पुराचे पाणी वळविणारा कालवा व बंधारा होता आणि प्रमुखाच्या मानलेल्या घराशेजारी धान्यकोठार होते. इ. स. पूर्व १००० च्या सुमारास उत्तर दख्खनमधील जोर्वे संस्कृतीची बहुतेक गावे उठली. इनामगाव टिकले, परंतु चौकोनी घरांच्या जागी लहान गोल झोपड्या आल्या. शेती घटली, शेळ्यामेंढ्या व शिकार यांवरचा भर वाढला आणि तीनशे वर्षांनी तेही ओसाड पडले. वाढत्या अवर्षणामुळे हे घडले, असे मत डॉ. म. के. ढवळीकर यांनी मांडले. इतर काहींनी जमिनीच्या अतिवापराकडे लक्ष वेधले आहे. कारणांविषयी मतभेद असला तरी घडले ते स्पष्ट आहे. ती गावे एका रात्रीत नष्ट झाली नाहीत. त्यांची घरे आधी लहान झाली, अन्न हलके झाले आणि मग माणसे निघून गेली. सुत्तातील तूप-मिठाचे नाहीसे होणे आणि कुद्रूसकाचे उत्तम अन्न ठरणे आठवावे.

आपल्या भागाकडे वळू. नागपूरहून काटोलकडे जाणाऱ्या मार्गावर, शहर संपता संपता, जुनापाणी येथे मोठ्या दगडांची सुमारे तीनशे वर्तुळे आहेत. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात रिव्हेट-कार्नॅक या इंग्रज अधिकाऱ्याने त्यांतील काहींचा शोध घेतला आणि १९६१-६२ मध्ये बा. कृ. थापर यांनी तेथे शास्त्रशुद्ध उत्खनन केले. जवळच्याच माहुरझरीला डॉ. शां. भा. देव यांच्या उत्खननात अलंकारांनी सजविलेल्या घोड्यांचे अवशेष मिळाले. नायकुंडला लोखंड गाळण्याची भट्टी सापडली. म्हणजे हे लोक मागासलेले नव्हते. तरीही शेकडो वर्तुळांच्या मानाने टाकळघाट-खापा, नायकुंड यांसारखी त्यांच्या वस्तीची ठिकाणे फार थोडी मिळाली आहेत. ते लोक आज आपल्याला भेटतात ते त्यांच्या मृतांच्या दगडांतून. त्यांची भाषा आणि नावे दोन्ही गेली.

पुढच्या काळातील उदाहरणे आपल्या अधिक जवळची आहेत. कुही तालुक्यातील अडम येथे तटबंदी व खंदक असलेले प्राचीन नगर भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या उत्खननात उघड झाले. आज तेथे एक लहान गाव आहे. पवनीला १९६९-७० मध्ये जगन्नाथ टेकडीखाली भव्य स्तूप मिळाला. पवनीचे वैशिष्ट्य असे की तेथील वस्ती मोडली नाही. गाव राहिले, परंतु आपल्या टेकडीत काय आहे हे गाव विसरले. पाचव्या शतकाच्या आरंभी फाहियान कपिलवस्तूस गेला तेव्हा त्याला थोडे भिक्षू, काही घरे आणि हिंस्र श्वापदांच्या भीतीचे रस्ते आढळले. ज्या नगरीच्या नावाने आपण आज वसाहतींना नावे देतो ती तेव्हाच बेचिराग झाली होती. माणसे जाणे हा एक लोकक्षय आणि माणसे असून स्मृती जाणे हा दुसरा. आपल्या समाजाला दुसऱ्याची ओळख अधिक आहे.

दुष्काळ आणि शिरगणती

प्राचीन काळाविषयी अनुमान करावे लागते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस मात्र मोजलेले आकडे मिळतात. मध्य प्रांतात १८९६-९७ आणि १८९९-१९०० असे दोन भीषण दुष्काळ लागोपाठ आले. १९०१ च्या शिरगणतीत मध्य प्रांताच्या ब्रिटिश अंमलाखालील जिल्ह्यांची लोकसंख्या दहा वर्षांत सुमारे आठ टक्क्यांनी घटल्याचे दिसून आले. नागपूर जिल्ह्यातील घट त्या मानाने अल्प होती, तरी दहा वर्षे वाढ अशी झालीच नाही. त्यानंतर १९१८ च्या इन्फ्लुएंझाच्या साथीने हा प्रांत पुन्हा झोडपला. १९११ ते १९२१ हे भारताच्या शिरगणतीच्या इतिहासात लोकसंख्या घटलेले एकमेव दशक होय.

पाऊस पडला नाही हे खरे. परंतु रेल्वे नागपूरला १८६७ साली पोहोचली होती. ज्या गाड्यांतून कापूस व गहू बंदराकडे जात होता त्याच गाड्यांतून धान्य आणता येत होते. प्रश्न धान्याचा जितका होता त्याहून अधिक ते विकत घेण्याच्या ऐपतीचा होता. जमीन नसलेला मजूर आणि गिरणीच्या सुतापुढे हातमाग बंद पडलेला विणकर यांच्याजवळ धान्य नव्हते आणि पैसाही नव्हता. नागपूरकडे जाडेभरडे कापड विणणाऱ्यांत महार समाजाचे लोक मोठ्या संख्येने होते, हे येथे आठवले पाहिजे. अर्थशास्त्रज्ञ अमर्त्य सेन यांनी १९८१ साली बंगालसह अनेक दुष्काळांचा अभ्यास करून दाखविले की, अन्न नसण्यापेक्षा अन्नावरचा हक्क नसणे हे दुष्काळमृत्यूचे कारण असते. चक्कवत्ति-सीहनाद सुत्तातील 'निर्धनांना धन न देणे' हे पद या विचाराच्या फार जवळचे आहे.

याचा प्रतिपुरावाही महाराष्ट्रातच आहे. १९७२-७३ चा दुष्काळ पावसाच्या व पिकाच्या दृष्टीने अत्यंत कठीण होता. परंतु त्या वेळी मोठ्या प्रमाणावर कामे काढली गेली. मे १९७३ च्या सुमारास जवळजवळ पन्नास लाख माणसे दुष्काळी कामांवर होती. लोकांनी खडी फोडली, नाले बांधले, हाल सोसले. पण १८९९ सारखी गावे उठली नाहीत. वि. स. पागे यांच्या विचारातून आकारास आलेल्या रोजगार हमीला १९७७ च्या कायद्याने हक्काचे रूप मिळाले. आकाश तेवढेच कोरडे असताना एका वेळी लोकक्षय झाला आणि दुसऱ्या वेळी टळला. मधला फरक दानाचा होता, आणि दान म्हणजे येथे भीक नव्हे, कामाचे वेतन होय. कूटदन्त सुत्तातील पुरोहिताचा सल्ला हाच आहे.

संत्र्याची बाग आणि पाण्याचा लोभ

काटोलचे नाव आज संत्र्याशी जोडले गेले आहे. काटोल, नरखेड आणि पलीकडचे वरुड-मोर्शी हा सलग संत्रापट्टा. २०१४ साली नागपुरी संत्र्याला भौगोलिक निर्देशांकही मिळाला. संत्र्याचे झाड विचित्र शिस्तीचे आहे. आंबिया बहार घ्यायचा तर हिवाळ्यात, मृग बहार घ्यायचा तर मे महिन्यात झाडाला ताण द्यावा लागतो. म्हणजे पाणी तोडावे लागते. ताण दिल्यावर वेळेवर पाणी मिळाले तर झाड फुलते, न मिळाले तर वाळते. संयमाने तोडलेले पाणी आणि नसलेले पाणी यांतील फरक काटोलच्या शेतकऱ्याइतका दुसऱ्या कोणाला कळणार?

जोवर बाग विहिरीच्या पाण्यावर होती तोवर विहिरीचा तळ ही मर्यादा होती. विंधन विहीर आली आणि ती मर्यादा गेली. एकाने दोनशे फुटांवर पाणी काढले की शेजारच्याची विहीर आटते. तो तीनशेवर जातो, मग पहिला पाचशेवर. ज्याच्याजवळ पुन्हा खोल जाण्याचा पैसा नाही त्याची बाग प्रथम वाळते. वरुड परिसर भूजलाच्या अतिउपशासाठी कुप्रसिद्ध झाला तो याच रीतीने. २०१८ साली राज्य शासनाने १५१ तालुक्यांत दुष्काळ जाहीर केला, त्यांत काटोलही होते. यातला कोणताही एक शेतकरी दुष्ट नाही. प्रत्येक जण आपले झाड वाचवीत आहे. तरीही सर्वांच्या मिळून होणाऱ्या कृतीला विसमलोभाखेरीज दुसरे नाव देता येत नाही. भूगर्भातील पाण्यावर कोणाचा किती वाटा, हे ज्या समाजाने कधी ठरविलेच नाही त्या समाजाचा हा लोभ आहे. पाण्याचा वाटा हा प्रश्न १९२७ साली महाडच्या चवदार तळ्यावर उभा राहिला होता. तेव्हा तो स्पर्शाच्या रूपाने आला, आता खोलीच्या रूपाने आला आहे.

या वाटेने शंभर वर्षे पुढे गेल्यास काय दिसेल, याची कल्पना करणे कठीण नाही. संत्र्याची कलमे जंबेरीच्या खुंटावर बांधलेली असतात. वरचे संत्रे वाळते तेव्हा खालची काटेरी जंबेरी फुटून येते. निर्मनुष्य बागेत प्रथम हेच घडेल. संत्रे जाईल आणि जंबेरी उरेल. मग तीही पाण्यावाचून जाईल. शिवारात तरोटा, बोर व बाभूळ माजेल. रोह्यांना आणि रानडुकरांना हाकणारे कोणी नसेल. विंधन विहिरींचे लोखंडी पाइप गंजून जमिनीतून वर डोकावतील. मातीची घरे दोन-चार पावसाळ्यांत बसतील, सिमेंटची काही दशके उभी राहतील. जाम नदी पावसाळ्यात वाहील, परंतु तिच्यावरच्या गावांची नावे घेणारे कोणी नसेल. जुनापाणीची वर्तुळे मात्र तशीच राहतील, कारण त्यांना पाणी लागत नाही. कोणी प्रवासी आला तर कोणता दगड तीन हजार वर्षांपूर्वीचा आणि कोणता आपल्या काळचा, एवढेच त्याला ओळखावे लागेल.

गाव उठणे आणि गाव सोडणे

येथे एक आक्षेप येऊ शकतो, आणि आपल्या वाचकांकडूनच तो येणे योग्य आहे. गाव ओसाड पडले म्हणून शोक कोणी करावा? ४ नोव्हेंबर १९४८ रोजी संविधान सभेत बाबासाहेबांनी खेड्याच्या गौरवीकरणावर कठोर टीका केली होती. त्याआधी जुलै १९४२ मध्ये नागपूर येथेच भरलेल्या अखिल भारतीय दलित वर्ग परिषदेने अस्पृश्यांसाठी स्वतंत्र वसाहतींची मागणी केली होती. १८७७ साली नागपुरात एम्प्रेस मिल सुरू झाली, तेव्हापासून कितीतरी कुटुंबे गावकुसाबाहेरची झोपडी सोडून शहरात आली. त्यांच्या पुढच्या पिढ्यांतून येथील चळवळ उभी राहिली आणि १४ ऑक्टोबर १९५६ चा दिवस शक्य झाला. त्यांनी गाव सोडले हे नुकसान नव्हते.

हा आक्षेप खरा आहे, म्हणूनच दोन गोष्टी वेगळ्या केल्या पाहिजेत. गाव सोडणे ही माणसाची कृती आहे. त्यात पुढे जाण्याची जागा असते. ती जागा गिरणी असो, शाळा असो वा नवी वसाहत असो. गाव उठणे ही माणसावर कोसळलेली गोष्ट आहे. तीत जागा नसते. आणि जेव्हा मुलूखच उठू लागतो तेव्हा सर्वांत आधी तोच उठतो ज्याच्याजवळ जमीन नाही, खोल विहीर नाही, शहरात घर नाही. ज्या खेड्याने त्याला विषमतेत ठेवले त्या खेड्याच्या विनाशातही विषमता त्याला सोडत नाही. म्हणून खेड्याचे गोडवे न गाताही आपण म्हणू शकतो की, विनाशाची वाट पाहणे ही मुक्ती नव्हे. सर्व काही एकदा मोडू द्या, मग समता येईल, असे काही तरुण बोलताना ऐकू येतात. चक्कवत्ति-सीहनाद सुत्तात मोडल्यावर येते ती मृगसंज्ञा.

अरण्यातून बाहेर आलेली माणसे

त्या सुत्तातील पुढचा भाग आपल्याकडे कमी वाचला जातो. वाचक थेट मेत्तेय्य बुद्धाच्या भविष्याकडे धावतो. सत्थंतरकप्पाच्या सात दिवसांत काही माणसे ठरवितात की, आम्ही कोणाला मारणार नाही आणि कोणी आम्हाला मारू नये. ती गवतात, रानात, झाडांच्या आडोशाला, नदीच्या दुर्गम बेटांवर, डोंगरांच्या कपारींत लपतात आणि कंदमुळांवर जगतात. सात दिवसांनी बाहेर येतात तेव्हा एकमेकांना पाहून आनंदाने मिठी मारतात, कारण समोरचा जिवंत आहे. मग ती विचार करतात : अकुशल आचरणामुळे आपल्या आप्तांचा एवढा क्षय झाला, आता आपण कुशल करू. काय करावे? प्राणघातापासून परावृत्त व्हावे. त्या एका निश्चयाने त्यांच्या मुलांचे आयुष्य दहाचे वीस वर्षे होते. मग चोरीपासून, मग पुढच्या दोषांपासून अशी एकेक पायरी ती चढतात, आणि अखेरीस पुन्हा कोंबड्याच्या एका उड्डाणाइतक्या अंतरावर गावे वसतात.

चढण्याचा आणि उतरण्याचा क्रम येथे सारखा नाही, याकडे अभ्यासकांनी लक्ष द्यावे. पतन राजापासून सुरू झाले. उत्थान सुरू होताना राजा कोठेच नाही. राज्य नाही, शास्त्र नाही, 'कुशल' हा शब्दही नुकताच नव्याने सापडला आहे. आहेत ती फक्त दोन-चार माणसे आणि त्यांच्यातील एक करार. संख राजा येतो तो फार नंतर, सर्व काही सावरल्यावर. 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात बाबासाहेबांनी धम्माची जी व्याख्या केली आहे ती येथे तंतोतंत लागू पडते. माणूस एकटा असेल तर त्याला धम्माची गरज नाही. दोन माणसे एकत्र आली की धम्मावाचून त्यांचे चालत नाही. अरण्यातून बाहेर येऊन भेटलेली ती दोन माणसे ही या विचाराची प्राचीनतम प्रतिमा म्हणता येईल.

यातून दोन कर्तव्ये निघतात. पहिले पतन रोखण्याचे, आणि ते राज्याकडून करवून घ्यावे लागते : निर्धनाचा वाटा, कामाचा हक्क, पाण्याचे न्याय्य वाटप. दुसरे समाजाने स्वतः करावयाचे आहे आणि त्यासाठी सत्थंतरकप्पाची वाट पाहावी लागत नाही. एका शिवारातील शेतकऱ्यांनी बसून अमुक खोलीच्या खाली कोणी जाणार नाही असे ठरविले, आणि त्या बैठकीत भूमिहीनाच्या पिण्याच्या पाण्याचा वाटा प्रथम काढून ठेवला, तर तो करार त्या अरण्यातील करारापेक्षा वेगळा नाही. लाखो माणसे मेल्यावर तो करण्यापेक्षा ती जिवंत असताना केलेला बरा.

शेवटी एका शब्दाविषयी. चक्कवत्ति-सीहनाद सुत्ताचा आरंभ आणि शेवट दोन्ही 'अत्तदीप' होण्याच्या उपदेशाने होतो. पालित 'दीप' या शब्दाचे दोन अर्थ आहेत, दिवा आणि द्वीप. अट्ठकथा द्वीप हा अर्थ घेते : पुरात बुडणाऱ्याला पाय टेकण्याची जागा. आपल्याकडे दिवा हा अर्थ रूढ झाला. लोकक्षयाच्या या कथेत दोन्ही अर्थ बसतात. नदीच्या बेटावर जाऊन जी माणसे वाचली त्यांना द्वीप मिळाले होते. परत येऊन गावात दिवा त्यांनीच लावला. गाव बेचिराग होते ते तेल संपल्याने नव्हे. शेजाऱ्याच्या घरातही दिवा लागला पाहिजे, हे ज्या दिवशी गाव विसरते त्या दिवसापासून त्याची नोंद रिठी म्हणून होण्यास आरंभ झालेला असतो.